पाठमोरा माणूस : अँथनी गोन्साल्विस



"स्मरणिकेसाठी काहीतरी लिहा," असा संपादक मंडळाचा निरोप दरवर्षी येतो आणि "पुढच्या वर्षी नक्की" असे सांगून मी दरवर्षी वेळ मारून नेतो. यंदा मात्र मी आपण होऊन लेख घेऊन गेलो. त्याला कारण घडले ते मागच्या विसर्जनाच्या रात्री.

मिरवणूक गांधी बझार मागे टाकून येडियूर तलावाच्या दिशेने निघाली होती. लेझीम झाले, टाळ-मृदंग झाले आणि रिवाजाप्रमाणे तरुण मंडळींनी बँडवाल्यांकडे आपल्या आवडत्या गाण्याची फर्माईश केली. ते गाणे म्हणजे 'अमर अकबर अँथनी'मधले 'माय नेम इज अँथनी गोन्साल्विस'. मी १९७८ साली नोकरीसाठी बंगळूरला आलो, त्याच्या आदल्याच वर्षी हा चित्रपट लागला होता. तेव्हापासून आजपर्यंत या गाण्याशिवाय आपला बाप्पा तलावाकडे गेल्याचे मला आठवत नाही! आपल्या मंडळातला एक तरुण नाचून दमला आणि घाम पुसत माझ्याजवळ येऊन म्हणाला, "काका, हा अँथनी गोन्साल्विस म्हणजे खरा कोणी माणूस होता का हो? की नुसतेच गमतीचे नाव?"

मला उत्तर माहीत होते. पण हेच उत्तर चाळीस वर्षांपूर्वी मला कोणीतरी सांगितले होते आणि मी ते हसण्यावारी नेले होते. ती चूक थोडीफार भरून काढावी, म्हणून हा लेखप्रपंच.

माजोर्ड्याचा मुलगा

होय, अँथनी गोन्साल्विस हा खरा माणूस होता. व्हायोलिनवादक, संगीत संयोजक, संगीतरचनाकार, वाद्यवृंदाचा संचालक आणि शिक्षक. जन्म १९२७ चा, दक्षिण गोव्यातल्या सासष्टी तालुक्यातील माजोर्डा या गावचा. आपल्यापैकी जे यशवंतपूरहून वास्कोच्या गाडीने गोव्याला जातात, त्यांना मडगावच्या पुढे हे गाव लागते.

त्यांचे वडील माजोर्ड्याच्या चर्चमध्ये गायकवृंदाचे शिक्षक होते. अशा शिक्षकाला गोव्यात 'मेस्त' किंवा 'मेस्त्री' म्हणत. पोर्तुगीज अमलात, सोळाव्या शतकाच्या मध्यापासून, गोव्यात चर्चला जोडून शाळा सुरू झाल्या. तेथे मुलांना अक्षरओळखीबरोबर पाश्चात्त्य स्वरलिपीही शिकवली जाई. पाच आडव्या रेषा, त्यांवर चढलेले-उतरलेले टिंब, आणि ते पाहून अचूक स्वर लावायचा. आपल्याकडे मुले रामरक्षा पाठ करत, तितक्या सहजतेने तेथील मुले ही लिपी वाचत. चर्चमध्ये प्रार्थना गायला माणसे हवीत, एवढाच त्या शिक्षणाचा मूळ हेतू. पण पिढ्यान् पिढ्या ते चालू राहिले आणि त्यातून एक वेगळेच भांडवल तयार झाले. कागदावर लिहिलेले संगीत पाहताक्षणी वाजवू शकणारी शेकडो माणसे एका छोट्याशा प्रदेशात निर्माण झाली.

गोव्यात या माणसांना पोटापुरते काम नव्हते. मग ती बाहेर पडली. संस्थानिकांचे बँड, पलटणींचे बँड, आगबोटी, मोठी हॉटेले, मूकपटांची थिएटरे, अशी सगळीकडे पांगली. मुंबईत धोबी तलावाच्या आसपास गावागावांच्या 'कूड' असत, म्हणजे एकाच गावच्या मंडळींनी मिळून चालवलेल्या खोल्या. एका भिंतीला ओळीने ट्रंका आणि वाद्यांच्या पेट्या, मधल्या जागेत चटया. परमुलखात गेलेल्या माणसाला आपल्या गावच्या माणसांचा आधार किती लागतो, हे आपल्यासारख्या मंडळ स्थापन करणाऱ्यांना वेगळे सांगायला नको.

अँथनी मुंबईला आले १९४३ साली. वय अवघे सोळा. (आपल्या गांधी बझारातले 'विद्यार्थी भवन' त्याच वर्षी सुरू झाले, म्हणून साल लक्षात ठेवायला सोपे!) लवकरच नौशाद यांच्या वादकांच्या ताफ्यात त्यांना व्हायोलिनवादक म्हणून जागा मिळाली.

गाणे तयार होते कसे?

येथे थोडे थांबून, त्या काळी चित्रपटाचे गाणे कसे तयार होई ते पाहू. त्याशिवाय गोन्साल्विस यांच्या कामाचे मोल कळणार नाही.

संगीत दिग्दर्शक पेटीवर चाल बांधी. गायक-गायिका ती शिकत. पण गाणे म्हणजे नुसती चाल नव्हे. सुरुवातीला काय वाजणार, धृपद आणि अंतरा यांच्या मधल्या जागेत काय वाजणार, गायिका गात असताना मागे व्हायोलिने कोणता सूर धरून ठेवणार, बासरी नेमकी कोणत्या मात्रेला शिरणार, हे सगळे कोणीतरी ठरवावे लागते आणि कागदावर उतरवावे लागते. तीस-चाळीस वादक समोर बसलेले असताना प्रत्येकाला तोंडी शिकवत बसणे शक्य नसते. हे काम संगीत संयोजक करी. सिनेमावाले त्याला 'अरेंजर' म्हणत. तो रात्र जागून प्रत्येक वाद्याचा वेगळा कागद तयार करी. सकाळी वादक येत, कागद समोर ठेवत, एक-दोन तालमी होत आणि ध्वनिमुद्रण सुरू होई. सारे वादक आणि गायक एकाच वेळी वाजवीत-गात. एकाचा सूर चुकला की सर्वांनी पुन्हा पहिल्यापासून!

बहुतेक संगीत दिग्दर्शकांना पाश्चात्त्य स्वरलिपी येत नव्हती आणि गोव्याच्या वादकांना ती मातृभाषेसारखी होती. त्यामुळे हे काम मुख्यतः गोव्याच्या मंडळींकडे आले. सेबॅस्टियन डिसूझा यांनी शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्या गाण्यांचे संयोजन केले. अल्डोन्याचे आंतोनियो झेवियर वाझ 'चिक चॉकलेट' या नावाने ट्रंपेट वाजवीत, आपल्या सी. रामचंद्र यांच्या संगीतातला जो ठसका 'अलबेला'त (१९५१) ऐकू येतो, त्यात त्यांचा मोठा वाटा आहे. फ्रँक फर्नांड हे ट्रंपेटवादक संयोजकही झाले आणि पुढे त्यांनी 'आमचें नशीब' (१९६३) आणि 'निर्मोण' (१९६६) हे कोंकणी चित्रपट काढले. गोन्साल्विस याच पंक्तीतले. 'नया दौर' (१९५७) सारख्या चित्रपटांच्या संगीतात त्यांचे काम आहे.

मात्र पडद्यावरच्या श्रेयनामावलीत यांची नावे क्वचितच येत. त्या काळी ही गोष्ट कोणाला खटकतही नसे. १९४९ साली 'महल'मधले 'आयेगा आनेवाला' गाजले, तेव्हा त्याच्या तबकडीवर गायिका म्हणून नाव छापले होते 'कामिनी', म्हणजे पडद्यावरच्या पात्राचे! ती गायिका कोण, अशी रसिकांनी विचारणा केली आणि मग लता मंगेशकर हे नाव पुढे आले. जेथे गाणारीचेच नाव वगळले जात होते, तेथे मागच्या रांगेतल्या व्हायोलिनवाल्याची काय कथा?

आरती आणि चर्चमधले गाणे

गोन्साल्विस इतर संयोजकांपेक्षा वेगळे ठरतात ते येथून पुढे. चित्रपटांच्या कामात हिंदुस्तानी संगीत त्यांच्या कानावर पडत होते आणि ते त्यांना नुसते चांगले वाटून थांबले नाही, त्याने त्यांना झपाटले. सारंगीवादक पं. राम नारायण यांच्यासारख्या कलावंतांकडून ते राग समजून घेऊ लागले. आणि त्यांच्या मनात एक विचार घर करून बसला: आपले राग पाश्चात्त्य पद्धतीच्या पूर्ण वाद्यवृंदातून, सिंफनीच्या रीतीने, का मांडता येऊ नयेत?

यात अवघड काय, असे कोणी म्हणेल. ते समजायला आपली रोजची आरती आठवावी. आरतीला पन्नास माणसे उभी असतात, पण सारे जण एकच चाल गातात. पुरुष खालच्या सप्तकात, बायका-मुले वरच्या, इतकाच फरक. चर्चच्या गायकवृंदात तसे नसते. तेथे चार आवाजांच्या चार वेगळ्या चाली एकाच वेळी चालतात आणि प्रत्येक क्षणी त्या एकमेकींशी जुळतात. आपले संगीत एका रेघेवर बारीक नक्षी काढत जाते. त्यांचे संगीत अनेक रेघा एकावर एक रचते.

आता राग घ्या. रागाला नेमके स्वर असतात आणि वर्ज्य स्वर लागला की राग संपला. गोन्साल्विस यांनी व्हायोलिन आणि वाद्यवृंदासाठी एक रचना केली ती सारंग रागात. आपल्या नेहमीच्या वृंदावनी सारंगात गंधार आणि धैवत वर्ज्य. पाश्चात्त्य संगीतात षड्जावर सर्वांत स्वाभाविक स्वरसंगती कोणती, तर सा-ग-प. पण सारंगात गंधारच नाही! म्हणजे ज्या विटेवर त्यांची सारी इमारत उभी राहते, नेमकी तीच वीट हाताशी नाही. शिवाय आपली मींड, आपले आंदोलन पाच रेषांवरच्या टिंबांत कसे बसवायचे? आणि सारंगीवर एकटा कलावंत जी मींड घेतो, ती वीस व्हायोलिनांनी एकाच वेळी, एकाच वळणाने, गजाच्या एकाच फेकीत घ्यायची म्हणजे ती अक्षरशः मापून लिहावी लागणार. हे शिवधनुष्य या माणसाला उचलायचे होते.

आपल्या दक्षिणेतल्या जुन्या खुणा

एतद्देशीय आणि पाश्चात्त्य वाद्यांचा मेळ घालण्याची ही धडपड तशी नवी नव्हती आणि त्यातला एक धागा आपल्या घरापर्यंत येतो. शहाजीराजांची जहागीर असलेल्या या बंगळुरातूनच एकोजीराजे निघाले आणि त्यांनी १६७५ च्या सुमारास तंजावरचे राज्य हाती घेतले, हे आपण जाणतोच. त्यांच्याच वंशातील दुसरे सरफोजीराजे (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांनी दरबारात पाश्चात्त्य वाद्यांचा बँड ठेवला होता. व्हायोलिन कर्नाटक संगीतात रुळले ते याच काळात आणि याच परिसरात. आपल्या म्हैसूरचे शेवटचे महाराज जयचामराजेंद्र वडियार तर पाश्चात्त्य संगीताचे असे जाणकार, की लंडनच्या फिलहार्मोनिया संस्थेच्या मंडळाचे ते पहिले अध्यक्ष झाले आणि मेटनर या रशियन संगीतकाराच्या रचना ध्वनिमुद्रित व्हाव्यात म्हणून त्यांनी पदरचे पैसे दिले.

उत्तरेत उस्ताद अल्लाउद्दीन खाँ यांनी मैहर संस्थानात अनाथ मुलांना शिकवून बँड उभा केला. त्यात बंदुकीच्या नळ्यांपासून केलेले 'नलतरंग'सुद्धा होते. आकाशवाणीने १९५२ साली दिल्लीत वाद्यवृंद स्थापन केला आणि तो पं. रविशंकर यांच्याकडे सोपवला. मुंबईत मेहली मेहता यांनी १९३५ सालीच सिंफनी ऑर्केस्ट्रा काढला होता. तो मात्र युरोपीय रचना वाजवणारा. पुढे तेही परदेशी गेले.

गोन्साल्विस यांना हवे होते ते या दोहोंच्या मधले. राग आपला, मांडणी सिंफनीची आणि वादक चित्रपटांच्या ध्वनिमुद्रणातले, जे रोज सकाळी रोजंदारीवर वाजवत आणि ज्यांना कोणी कलावंत म्हणत नसे.

१९५८

तो दिवस १९५८ साली उजाडला. गोन्साल्विस यांनी 'इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा' उभा केला. शंभराहून अधिक वादक! मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या चौकात कार्यक्रम झाला. गायला लता मंगेशकर आणि मन्ना डे होते. 'सोनाटिना इंडियाना' आणि सारंग रागातली ती व्हायोलिनची रचना ही गोन्साल्विस यांची या वळणाची कामे.

वाचकहो, जरा डोळ्यांसमोर आणा. स्टुडिओच्या बंद खोलीत, दाराबाहेर लाल दिवा लागलेला असताना वाजवणारी ही माणसे त्या संध्याकाळी उघड्या चौकात लोकांसमोर बसली होती. एरवी त्यांचे वादन गाण्याच्या मधल्या जागा भरण्यापुरते. त्या दिवशी मात्र लोक त्यांनाच ऐकायला आले होते. आणि या सर्वांपुढे, हातात छडी घेऊन, श्रोत्यांकडे पाठ करून एक तिशीतला तरुण उभा होता.

वाद्यवृंद संचालकाचे काम मोठे विचित्र. व्यासपीठाच्या मधोमध तोच उभा, पण श्रोत्यांना दिसते ती फक्त त्याची पाठ. सगळा नाद त्याच्या हातातून निघतो आणि त्याच्या स्वतःच्या हातात एकही वाद्य नसते.

हा वाद्यवृंद फार काळ टिकला नाही. शंभर माणसे पोसायची म्हणजे तालमीची जागा हवी, मानधन हवे, कार्यक्रम हवेत. आपल्या मंडळाचा दहा जणांचा वाद्यवृंद चालवताना आपली काय तारांबळ उडते, ते आपण जाणतो! ना सरकारी आश्रय, ना संस्थानिकांचा. वादकांनाही दुसऱ्या दिवशी सकाळी आपापल्या ध्वनिमुद्रणावर हजर होणे भाग होते.

शिष्य, परदेश आणि एक गाणे

गोन्साल्विस वांद्र्याला राहत आणि तेथे शिकवत. त्यांच्याकडे शिकायला येणाऱ्यांत दोन मुले पुढे फार मोठी झाली. एक राहुल देव बर्मन. दुसरे प्यारेलाल शर्मा, ट्रंपेटवादक पं. रामप्रसाद शर्मा यांचे चिरंजीव. ते लहान वयातच व्हायोलिन घेऊन गोन्साल्विस यांच्यापुढे बसू लागले. पुढे याच प्यारेलाल यांची आपल्या लक्ष्मीकांत कुडाळकर यांच्याशी जोडी जमली आणि चित्रपटसृष्टीवर त्या जोडीने कित्येक वर्षे राज्य केले. लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांच्या गाण्यांत व्हायोलिनांचे जे भरगच्च ताफे ऐकू येतात, त्यांमागे वांद्र्याची ती शिकवणी आहे.

१९६५ साली गोन्साल्विस अमेरिकेला गेले. न्यूयॉर्क राज्यातील सिरॅक्यूज विद्यापीठाने त्यांना प्रवासवृत्ती दिली होती. चित्रपटसृष्टीत मागणी असलेला माणूस ऐन भरात, वयाच्या अडतिसाव्या वर्षी, सगळे सोडून गेला. परतले तेव्हा ते चित्रपटांकडे वळले नाहीत. माजोर्ड्याच्या घरी शांतपणे राहू लागले. मुंबईला हळूहळू त्यांचा विसर पडला.

आणि मग आले १९७७. मनमोहन देसाई 'अमर अकबर अँथनी' करत होते. संगीत लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे, गीते आनंद बक्षी यांची. अमिताभ बच्चन यांच्या पात्राचे आडनाव मुळात फर्नांडिस ठरले होते. गाणे बांधताना ते काही बसेना. तेव्हा प्यारेलाल यांनी आपल्या गुरूंचे आडनाव सुचवले, अशी हकीकत सांगितली जाते. किशोरकुमार यांनी गाणे म्हटले, भल्यामोठ्या ईस्टरच्या अंड्यातून, डोक्यावर उंच टोपी आणि डोळ्याला एकच भिंग लावून अमिताभ बाहेर आले आणि गोन्साल्विस हे नाव घरोघरी पोचले.

किती चमत्कारिक गोष्ट पाहा! ज्याने आयुष्यभर केले ते काम कोणाला माहीत नाही आणि ज्याच्याशी त्याचा काही संबंध नाही असे एक विनोदी गाणे त्याच्या नावाने अजरामर झाले. शिष्याने गुरुदक्षिणा दिली ती मनापासून, यात शंका नाही. पण ऐकणाऱ्या कोट्यवधी लोकांनी त्या नावामागे कोणी माणूस असेल, अशी शंकाही घेतली नाही.

उशिरा का होईना, काहींनी शोध घेतला. मराठी चित्रपट समीक्षक अशोक राणे यांनी गोन्साल्विस यांच्यावर माहितीपट केला. नरेश फर्नांडिस यांनी इंग्रजीतून लेख लिहिला. ग्रेगरी बूथ या परदेशी अभ्यासकाने मुंबईच्या चित्रपट वादकांना भेटून त्यांच्या आठवणी ग्रंथरूपाने २००८ साली प्रसिद्ध केल्या. १८ जानेवारी २०१२ रोजी गोन्साल्विस गेले. त्याआधी निदान काही लोकांना ते कोण होते हे कळले होते, एवढेच समाधान. प्यारेलाल यांना २०२४ मध्ये पद्मभूषण मिळाले, तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर पहिल्यांदा आले ते वांद्र्याचे ते घर, जे मी कधी पाहिलेलेही नाही.

आमचे बँडवाले काका

आता सुरुवातीच्या कबुलीकडे येतो.

१९८० च्या दशकात आपल्या मंडळाचा स्वतःचा वाद्यवृंद होता, हे जुन्या सभासदांना आठवत असेल. कोणी कारखान्यातले, कोणी बँकेतले, कोणी टपाल खात्यातले. दोन व्हायोलिने, एक अ‍ॅकॉर्डियन, पेटी, बासरी, तबला, ढोलकी. मी पेटीवर असे. आणि आम्हा सर्वांना हाकणारे होते 'बँडवाले काका'. ते बेळगावकडचे, पलटणीच्या बँडमधून निवृत्त होऊन मुलाकडे बसवनगुडीत राहायला आले होते. दर ऑगस्टमध्ये ते निळ्या शाईने, सुवाच्य अक्षरात, प्रत्येकाचा वेगळा कागद लिहून आणत. ज्यांना पाच रेषा वाचता येत त्यांना तसा, आमच्यासारख्यांना सा रे ग म मध्ये. कार्यक्रमाच्या दिवशी इस्त्रीचा पांढरा सदरा घालून, प्रेक्षकांकडे पाठ करून उभे राहत. संपले की मागे वळून एकदा मान लववत आणि खुर्च्या उचलायला लागत.

एका तालमीत ते अँथनीचे गाणे निघाले. आम्ही खिदळत होतो. काका म्हणाले, "हसू नका रे. या नावाचा खरा माणूस आहे. मोठा वाद्यवृंद संचालक. गोव्याचा. आमच्या बँडमधले गोव्याचे लोक त्याचे नाव टोपी काढून घेत." आम्ही आणखीच हसलो. मी तर म्हणालो, "काका, मग अमर आणि अकबरही तुमच्या पलटणीत होते का?" काका काही बोलले नाहीत. छडी उचलली आणि म्हणाले, "चला, धृपदापासून."

जानेवारी २०१२ मध्ये वर्तमानपत्रात गोन्साल्विस यांच्या निधनाची बातमी वाचली आणि हातातला चहा तसाच राहिला. काकांचे म्हणणे शब्दशः खरे होते. त्यांना तसे सांगावे म्हटले, तर ते आठ-नऊ वर्षांपूर्वीच निवर्तले होते.

मागच्या विसर्जनानंतर मी मंडळाच्या कपाटातल्या जुन्या स्मरणिका काढून बसलो. म्हटले, काकांचे नाव पाहू या. गायक-गायिकांची नावे ठळक अक्षरांत आहेत. निवेदकाचे आहे. ध्वनिक्षेपकवाल्याचे आहे, मांडववाल्याचे आहे. जाहिराती दिलेल्यांची तर आहेतच. वादकांसाठी प्रत्येक वर्षी एकच ओळ आहे: 'साथसंगत : मंडळाचे कलाकार'. काकांचे नाव एकाही अंकात नाही. आणि ती पाने तयार करत होता कोण? मीच. सलग सहा वर्षे कार्यक्रमाचे वृत्त मी लिहीत होतो. स्वतःचे नाव 'संकलन' म्हणून खाली न चुकता छापत होतो!

चित्रपटसृष्टीने गोन्साल्विस यांच्यावर अन्याय केला, असे लिहिणे सोपे आहे. पण तेथेही कोणी दुष्ट माणूस बसून नावे खोडत नव्हता. जागा कमी होती, घाई होती आणि मागच्या रांगेतल्यांची नावे कोण वाचणार, असे सर्वांनाच वाटत होते. मलाही तसेच वाटले होते.

म्हणून यंदा मी समितीकडे एक विनंती केली आणि ती सर्वांनी एकमताने मान्य केली. या अंकाच्या शेवटच्या पानावर मंडळाच्या त्या जुन्या वाद्यवृंदातील जितक्या वादकांची नावे आठवली तितकी, घरच्यांना विचारून, वाद्यासह छापली आहेत. पहिले नाव काकांचे आहे. कोणाचे राहून गेले असेल तर कृपया कळवावे, पुढच्या अंकात अवश्य घालू. यापुढे दरवर्षी कार्यक्रमपत्रिकेत प्रत्येक वादकाचे, आणि स्वरलिपी लिहिणाऱ्याचेही, नाव असेल असे ठरले आहे.

आणि यंदा विसर्जनाला ते गाणे वाजेल तेव्हा खुशाल नाचा. गाणे आहेच तसे. फक्त शेजारच्या कोणी विचारले, तर त्याला सांगा की हा माणूस खरा होता, माजोर्ड्याचा होता आणि एका संध्याकाळी त्याने शंभर वादकांकडून आपले राग वाजवून घेतले होते.

गणपती बाप्पा मोरया!